सीआरओच्या पडद्यावरचा बैल

माझे वडील दिवाळी झाली की बांबू तोडायला जंगलात जायचे. कूपाजवळच, म्हणजे तोडीसाठी आखून दिलेल्या जंगलाच्या पट्ट्याजवळच, पाल टाकून राहायचे आणि उन्हाळ्याच्या तोंडाशी, ओळखू येणार नाहीत इतके वाळून परत यायचे. आई पावसाळ्यात दुसऱ्यांच्या बांध्यांत धान रोवायची, हिवाळ्यात तेच कापायची आणि उन्हाळ्यात तेंदूपत्ता तोडायला रानात जायची. ती पानांचं ओझं घेऊन आली की आम्ही दोघं बहीणभाऊ दुपारभर पुडे बांधत बसायचो. बोटं काळी पडायची. शाळेत बाई म्हणायच्या, "हात धुऊन या." ते काळं धुतल्याने जात नाही, हे बाईंना माहीत नव्हतं आणि मीही सांगितलं नाही.

आजोबांनी छप्पन साली नागपूरला जाऊन दीक्षा घेतली. परत आल्यावर घरातले देव वैनगंगेत सोडले आणि पोरांना शाळेत घातलं. वडील चौथी झाले. पाचवीची शाळा नदीपलीकडे होती, आणि पावसाळ्यात डोंगा बंद असायचा. तिथेच त्यांचं शिक्षण संपलं. म्हणून मी मॅट्रिक झाल्यावर गावातल्या लोकांनी "आता पोरीचं जमवा" म्हटलं, तेव्हा वडील तिथून उठले. घरी येऊन मला एवढंच म्हणाले, "दोघं एकदम कॉलेजात शिकवणं नाई जमत. आधी तू. तू सुटली का मग तुह्या भावाचा नंबर. पण एकाही वर्षी मागं पडली त त्याचं वर्ष जाते, हे ध्यानात ठेवजो."

मी बी.एस्सी.च्या शेवटच्या वर्षाला गेले तेव्हा भाऊ बारावीला होता. वडिलांचा उजवा खांदा तोवर निकामी झाला होता. मी नापास झाले असते तर भावाला त्यांच्या जागी कूपात जावं लागलं असतं. आणि कूपात गेलेला पोरगा पुन्हा पुस्तकाकडे वळलेला मी तरी आमच्या गावात पाहिला नव्हता.

हे सगळं आधी सांगून टाकते, कारण त्याशिवाय आमच्या फिजिक्सच्या सरांनी माझ्यासाठी काय केलं ते कळणार नाही. सरांनाही आपण काही केलं असं कधी वाटलं नाही. त्यांचं लक्ष बैलांकडे असायचं.

आमचं कॉलेज तालुक्याच्या गावी होतं आणि मी तिथल्या सरकारी वसतिगृहात राहायची. सर मूळचे सिंदेवाहीकडचे, शेतकऱ्याच्या घरातले. अंगाने काटक, पांढरा शर्ट, आणि पँटच्या पायाला सायकलची क्लिप. ती क्लिप ते वर्गातही काढत नसत. फळ्यावर दाखवायला त्यांच्याकडे छडी नव्हती, पराणी होती. बैलाला टोचायची काठी, फक्त टोकाचा खिळा काढलेला. नवीन पोरं ती पाहून घाबरायची. जुनी पोरं सांगायची, "घाबरू नका गा. ते फक्त बैलाले मारते, आणि बैल त्यायच्याकडे नाई."

ते खरंच होतं. सरांना शंकरपटाचं वेड होतं. हिवाळ्यात आमच्या भागात गावोगावी पट भरतात, बैलांच्या जोड्या धावतात आणि सगळा मुलूख तिथे लोटतो. नागभीडपासून चिमूरपर्यंत कुठे कोणत्या दिवशी पट आहे हे सरांना तोंडपाठ असायचं. पण स्वतःची जोडी कधीच नव्हती. घरी कोंबडीसुद्धा नव्हती. सरांच्या पत्नी आम्हा मुलींना एकदा म्हणाल्या, "यायचे बैल कॉलेजात बांधले आहेत. तिथीच जाऊन चारा घालून राह्यले आयुष्यभर."

कॉलेजात बांधलेले बैल म्हणजे ऑसिलोस्कोप, विजेची लाट पडद्यावर दाखवणारं यंत्र. आम्ही त्याला सीआरओ म्हणायचो. लोखंडी पेटी, समोर हिरवट गोल पडदा, पडद्यावर चौकटी आखलेल्या आणि बाजूला बटणंच बटणं. एकच होता. तो कपाटात कुलूप लावून ठेवावा आणि तपासणी समिती आली की बाहेर काढावा, असं प्राचार्यांचं मत होतं. सर म्हणाले, "साहेब, बांधून ठेवलेला बैल दोन वर्षांत उठतसुद्धा नाई." शेवटी तोड निघाली ती अशी की सीआरओ टेबलावर राहील, पण त्याचा फ्यूज सरांकडे राहील. सरांनी तो आपल्या चंचीत टाकला. तेव्हापासून ज्याला प्रयोग करायचा असेल त्याने सरांकडे जायचं, सरांनी चंची सोडायची, सुपारीचं खांड बाजूला सारून फ्यूज काढायचा, फुंकर मारायची आणि हातावर ठेवायचा. चुन्याचा वास असलेला फ्यूज मी पुढे कुठेही पाहिला नाही.

आणखी एक नेम होता. सर आम्हाला सगळ्यांना अरे-तुरे करायचे. पण जो कोणी सीआरओसमोरच्या स्टुलावर बसेल त्याला 'तुम्ही'. पोरगा असला तर 'भाऊ', पोरगी असली तर 'बाई'. स्टुलावरून उठलं की परत 'तू'. आमच्या बॅचमध्ये राइस मिलवाल्याचा पोरगा होता, टारगट पण मनाचा चांगला. तो मुद्दाम स्टुलावर बसायचा, उठायचा, परत बसायचा आणि सरांची गंमत पाहायचा.

"सर, समजलं नाई."

"काय समजलं नाई तुमाले, भाऊ?"

मग उठून, "सर, आता समजलं."

"समजलं त पळ मग इथून, गाढवा."

मला मात्र त्याची गंमत वाटली नाही. आमच्या गावात मोठ्या घरचं शेंबडं पोरही माझ्या आईला एकेरी हाक मारायचं. मी पहिल्यांदा स्टुलावर बसले आणि सर म्हणाले, "बाई, तुम्ही आता हे बटण हळूच फिरवा," तेव्हा ते कोणाला म्हणतात म्हणून मी मागे वळून पाहिलं.

सीआरओ सर कसा शिकवायचे ते सांगितलं पाहिजे. पुस्तकात इंग्रजीत एक पानभर आकृती होती. सरांनी ती मिटून ठेवायला लावली.

"हे पाहा. पेटीच्या मागं काचेची लांबुळकी नळी आहे. नळीच्या शेपटाशी गोठा. गोठ्यात तार तापते आणि इलेक्ट्रॉन बाहेर पडते. समोरच्या पडद्याले आतून मसाला लावला आहे. इलेक्ट्रॉन तिथी धडकला का उजेड पडते. तो उजेडाचा टिपका, तो आपला बैल. समजलं?"

"हो सर."

"आता रस्त्यात दोन पत्रे वर-खाली लावले आहे, आणि दोन डाव्या-उजव्या बाजूले. पत्र्याले वीज दिली का टिपका तिकडं ओढला जाते. आपल्याले जी वीज पाहायची आहे, ते वर-खालच्या पत्र्याले द्याची. ते वाढली का बैल वर, कमी झाली का खाली. पण नुसता वर-खाली उड्या मारून राह्यला त काय दिसन? उभी रेघ. म्हणून त्याले डावीकडून उजवीकडं धावडवाचं. एका चालीनं. हे काम टाइम बेस करते. एका चौकटीले किती वेळ लागावा ते आपण ठरवाचं. मग वर-खाली उड्या आणि आडवी धाव एक झाली का पडद्यावर लाट निघते."

राइस मिलवाल्याने विचारलं, "सर, पण उजव्या टोकाले गेल्यावर?"

सरांचा चेहरा असा उजळला जणू पोराने त्यांना चहा पाजला. "वा! उजव्या टोकाले गेला का परत आणावा लागते. पटात जोडी पळताना सारे पाहते, परत आणताना कोणी पाहते का? इथीसुद्धा तसंच. परत येताना टिपका झाकून टाकते, त्यामुळं परतीची रेघ दिसत नाई. डावीकडं आला का पुन्हा उघडला. हे इतक्या झपाट्यानं चालते का आपल्या डोळ्याले एकच लाट उभी दिसते."

इतर प्राध्यापक त्यांची थट्टा करायचे. स्टाफरूममधून कोणीतरी ओरडायचं, "काय हो, आज गाभण आहे का सीआरओ?" सर गंभीरपणे उत्तर द्यायचे, "नाई, बैल आहे ना तो."

दुपारी सर रोज एक काम करायचे. छोट्या ट्रान्सफॉर्मरमधून लाइनची वीज सीआरओला जोडून तिची लाट पाहायचे. जशी माणसाची नाडी पाहतात तशी. लाटेची उंची म्हणजे व्होल्टेज, एवढं आम्हाला कळायला लागलं होतं. एखाद्या दिवशी बघता बघता लाट आखडायची, वरच्या चौकटीला शिवेनाशी व्हायची. सर मान न वळवता म्हणायचे, "अरे, तुह्या बापानं मिल चालू केली वाटते." मग खिडकीतून कान दिला की खरंच मिलची धडधड ऐकू यायची. राइस मिलवाला पोरगा वैतागायचा. "सर, साऱ्या गावाची लाइन आमच्याच नावावर लिहा आता." सर म्हणायचे, "लिहू कशाले? दिसून राह्यली ना."

पण आम्हाला खरी अडचण होती ट्रिगरची. लाट पडद्यावर निघायची, पण एका जागी थांबायची नाही. सरकत राहायची, कधी डावीकडे, कधी उजवीकडे. तिच्या चौकटी मोजायच्या कशा? सरांनी ट्रिगरचं बटण फिरवलं की ती थांबायची. आम्ही फिरवलं की पुन्हा चालू लागायची. सरांनी फळ्यावर समजावलं, पराणीने दाखवलं, शेवटी वैतागून म्हणाले, "येत्या रविवारी सारे चला माझ्यासंगं."

जवळच्याच एका गावी पट होता. आम्ही मुली आधी कां-कूं करत होतो, पण सरांच्या पत्नी सोबत निघाल्या आणि प्रश्न मिटला. तिथे धूळ, गुलाल, भज्यांचा घाणा, भोंग्यावर जोडीमालकांची नावं. सगळी गर्दी शेवटच्या टोकाला होती, जिथे जोडी पोचते तिथे. सर मात्र आम्हाला सुरुवातीच्या टोकाला घेऊन गेले. तिथे बघण्यासारखं काहीच नव्हतं. दोन खुंट्या, एक झेंडीवाला पंच आणि बिथरलेले बैल.

"जोडी पाहू नका," सर ओरडले, "झेंडी पाहा!"

बैल मागून पळत यायचे, आणि ते खुंटीपाशी आले की पंच झेंडी खाली पाडायचा. तेव्हाच दुसऱ्या टोकाला घड्याळ सुरू व्हायचं. त्याच्या आधी बैल किती नाचले, किती मागेपुढे झाले, त्याला काही हिशेब नव्हता. सर पंचाच्या इतके जवळ गेले की तो म्हणाला, "ओ भाऊ, बाजूले व्हा, शिंग लागन."

"लागू द्या," सर म्हणाले आणि आमच्याकडे वळले. "समजा, यानं मनाले वाटलं तेव्हा झेंडी पाडली. एकदा बैल खुंटीच्या मागं असताना, एकदा पुढं गेल्यावर. त दोन जोड्यांचा मेळ लागन का? नाई लागत. तसंच पडद्यावर आहे. दर वेळी लाट वेगळ्या जागी असताना धाव सुरू झाली, त चित्र सरकत दिसते. लाट एका ठरलेल्या उंचीवर, वर जाता जाता आली, तेव्हाच धाव सुरू कराची. दर वेळी तिथूनच. मग एकावर एक चित्र बसते आणि थांबल्यासारखं दिसते. ते उंची म्हणजे खुंटी, आणि ट्रिगर म्हणजे हा पंच!"

पंचाला आपल्याविषयी काही वाईट बोलणं चाललं आहे असं वाटलं. सरांच्या पत्नीने मध्ये पडून सांगितलं, "काही नाई भाऊ, चांगलंच म्हणून राह्यले. तसे ते बोलतेच तसे."

सोमवारी मी ट्रिगरचं बटण फिरवलं आणि लाट जागच्या जागी उभी राहिली. माझ्या हाताने. मी बराच वेळ तिच्याकडे बघत बसले. एखादं वासरू आपल्या हाकेला थांबावं तसं वाटलं.

आता माझा पराक्रम सांगते. एकदा सर बाकीच्यांना फळ्यापाशी काहीतरी समजावत होते आणि मी एकटी स्टुलावर होते. पडद्यावर लाट चालू होती, पण कोणीच तिच्याकडे बघत नव्हतं. आमच्या घरी रॉकेलची एकच चिमणी होती. वाचत नसलं की वात खाली करायची, हे अंगात इतकं भिनलं होतं की मी विचारही केला नाही. उजेडाचं बटण फिरवलं आणि पडदा काळा करून ठेवला. माझ्या मते मी कॉलेजची वीज वाचवली.

सगळे परत आले. राइस मिलवाला ओरडला, "मेला! सर, सीआरओ मेला!" धावपळ झाली. सरांनी फ्यूज काढून उजेडात धरून पाहिला. वायर हलवून पाहिली. मला आधी कळेचना की हे काय शोधताहेत. कळलं तेव्हा मी म्हणाले, "सर, कोणी पाहत नव्हतं, म्हणून मी वात कमी केली."

सगळी बॅच टेबलं बडवून हसली. सर हसले नाहीत. त्यांनी उजेड थोडा वाढवला, लाट आली, आणि मग मला पडद्याच्या मधोमध एक तपकिरी डाग दाखवला.

"हे पाहा, बाई. आधीच्या एका बॅचच्या शहाण्यानं उजेड फुल केला आणि टिपका एकाच जागी उभा ठेवून चहा प्याले गेला. इलेक्ट्रॉन मारून मारून तिथला मसाला जळला. आता हे टिकली जन्मभराची. इतक्या वर्षांत इथी जो आला त्यानं उजेड वाढवलाच. कमी करणारं माणूस मी पहिल्यांदा पाहून राह्यलो." मग म्हणाले, "पण बाई, मालकाले न सांगता बैल झाकून ठेवाचा नसते."

त्यातूनच सरांना एक खेळ सुचला. दर प्रॅक्टिकलच्या सुरुवातीला ते सगळ्यांना पाठ फिरवून उभं करायचे, सीआरओची सगळी बटणं वाट्टेल तशी फिरवून ठेवायचे, पडदा काळा करायचे आणि एकाला बोलवायचे. "बैल हरवला. आणा शोधून."

पोरं धावत जायची आणि पहिला हात उजेडाच्या बटणावर. फुल. लगेच पाठीवर पराणी टेकायची. "रानात हरवलेल्या बैलासाठी साऱ्या जंगलाले आग लावता का? उठा." म्हणजे 'तुम्ही' गेलं आणि पाळीही गेली.

त्यांची रीत ठरलेली होती. आधी गोठा पाहा, म्हणजे पेटीचा दिवा लागला आहे का. लागला असेल तर थांबा, तार तापू द्या. मग उजेड मधात आणा, ना जास्त ना कमी. मग कुंपण पाहा. टिपका वर, खाली किंवा बाजूला पडद्याबाहेर गेला असेल, म्हणून जागेची दोन्ही बटणं मधात आणा. मग इनपुट ग्राउंडवर करा, म्हणजे त्याला कोणी ओढणार नाही. आणि ट्रिगर ऑटोवर, म्हणजे झेंडीची वाट न पाहता आपला आपण पळेल. इतकं झाल्यावर बैल आलाच पाहिजे. नाहीच आला, तर मग मेला म्हणा, त्याआधी नाही.

आम्ही हे इतकं केलं की राइस मिलवाला म्हणायचा, "मले आता सपनातसुद्धा बैल सापडते." मला सांगायला हरकत नाही, त्या खेळात माझ्याइतकं तरबेज कोणी नव्हतं. राइस मिलवाला घाई करायचा. मी घाई करत नसे. रानात आईसोबत हिंडलेल्या माणसाला घाईने काही सापडत नाही हे माहीत असतं.

प्रॅक्टिकलची परीक्षा उन्हाळ्यात झाली. बाहेरून परीक्षक आले होते, पुण्याकडचे, नुकतेच विदर्भात बदलून आलेले. माणूस सज्जन, पण उन्हाने बेजार. ओला रुमाल डोक्यावर ठेवून बसले होते. चिठ्ठी उचलली तर माझ्या वाट्याला सीआरओच आला. लाटेवरून व्होल्टेज आणि फ्रिक्वेन्सी काढायची. मला बरं वाटलं. मी जोडणी केली, लाट उभी केली, वाचन घ्यायला पेन्सिल उचलली, आणि लाइन गेली.

पंखे थांबले. परीक्षक "अरे देवा" म्हणाले आणि उठून फेऱ्या मारू लागले. बाकीच्यांचे प्रयोग भिंगांचे, लंबकाचे, त्यांचं चालू होतं. माझंच थांबलं होतं. बराच वेळ गेला. परीक्षकांना माझी दया आली असावी. ते सीआरओपाशी आले, "हा एकदा सुरू होऊ दे, पटकन दिसायला पाहिजे," असं म्हणत त्यांनी एकेक बटण फिरवलं. उजेड फुल. जागेची बटणं फुल. ट्रिगरचंही काहीतरी. हेतू चांगला होता.

लाइन आली. पंखे फिरले. पेटीचा दिवा लागला. पडदा काळा.

परीक्षकांनी पेटीवर हाताने थोपटलं. बाजूने डोकावले. मग म्हणाले, "गेली वाटतं ट्यूब. व्होल्टेज एकदम आलं असणार. असं करा, तुम्ही दुसरी चिठ्ठी उचला."

मी घड्याळाकडे पाहिलं. उरलेल्या वेळात नवीन प्रयोग जोडून पुरा होणं शक्य नव्हतं. प्रॅक्टिकलमध्ये नापास म्हणजे वर्षच नापास. माझ्या डोळ्यांसमोर भाऊ आला, खांद्यावर कुऱ्हाड घेऊन.

सर आमचे अंतर्गत परीक्षक म्हणून तिथेच होते. त्यांनी एकदा पडद्याकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे. एक शब्द बोलले असते तर ती मदत झाली असती. म्हणून ते म्हणाले, "मी जरा पाणी पिऊन येतो," आणि बाहेर गेले. व्हरांड्यात माठ होता. दारातून मला त्यांची पाठ दिसत होती.

मी म्हणाले, "सर, मला थोडा वेळ द्या. तो मेलेला नाही."

"कोण?" परीक्षक म्हणाले.

"सीआरओ. हरवला आहे फक्त."

त्यांना काही उमगलं नसावं, पण ते खुर्चीवर टेकले. मी स्टुलावर बसले. दिवा लागलेला होता. हात मांडीवर ठेवून थांबले, तार तापू दिली. मग उजेडाचं बटण मागे आणलं.

"अहो, आधीच काही दिसत नाही," परीक्षक म्हणाले, "आणि तुम्ही उजेड कमी काय करताय?"

"सापडेल तेव्हा जळायला नको, सर."

वर-खालचं बटण मधात. डाव्या-उजव्याचं मधात. इनपुट ग्राउंडवर. पडदा काळाच. मी हात ओढणीला पुसला. आता एकच राहिलं होतं. ट्रिगरचं बटण ऑटोवर केलं.

पडद्याच्या मधोमध हिरवी आडवी रेघ आली. बारीक, सरळ, शांत.

परीक्षक उठून उभे राहिले, डोक्यावरचा रुमाल खाली पडला. "अरे! म्हणजे मीच घालवला होता की काय?" आणि मोठ्याने हसले. तो माणूस मला तेव्हा फार आवडला. मी इनपुट परत जोडलं, लाट आली, ट्रिगर लावला, लाट उभी राहिली. चौकटी मोजल्या, वाचनं लिहिली, गणित केलं. वेळ उरला.

तोंडी परीक्षेत त्यांनी विचारलं, "ट्रिगर म्हणजे काय, तुमच्या शब्दांत सांगा." मी झेंडी आणि खुंटी सांगितली. ते म्हणाले, "कसला पट?" तेवढ्यात सर आत आले. माठातलं किती पाणी प्यायले होते कोणास ठाऊक, पोटावर हात ठेवूनच आले. परीक्षकांनी त्यांना विचारलं, "हा पट म्हणजे काय प्रकार आहे हो?"

बस. सरांनी खुर्ची ओढली. लाल बैल बरा की पांढरा, गोऱ्हा केव्हा पटाला घालावा, कोणत्या गावची जमीन बैलाच्या खुराला सोसते, सगळं सुरू झालं. माझ्यानंतर राइस मिलवाल्याची तोंडी परीक्षा होती. तो दारात उभा राहून वाट पाहून थकला, आणि त्याला शेवटी दोनच प्रश्न विचारले गेले. तो आजही म्हणतो की आपण बैलांच्या कृपेने पास झालो.

बाहेर निघताना मी सरांच्या पाया पडायला वाकले. सर मागे सरकले. "पाया गिया नको पडू. घरी जा, थेअरीचा अभ्यास कर. तिथी काही बैल नाई तुह्या कामी याले." मी स्टुलावरून उठले होते ना, म्हणून 'तू'.

सरांना मी नंतरही भेटत राहिले. निवृत्त झाल्यावरही ते पटाला जायचे, आणि तिथे सुरुवातीच्या टोकालाच उभे असायचे. लोकांना वाटायचं, म्हाताऱ्याला गर्दी सोसत नाही.

त्या वर्षीचा निकाल जूनमध्ये लागला. मी बी.एस्सी. पहिल्या श्रेणीत पास झाले, आमच्या घरातली पहिली आणि आमच्या गावातली पहिली. वडिलांनी निकालाचा कागद हातात घेतला, उलटा की सुलटा ते पाहिलं नाही, आणि भावाला म्हणाले, "चल, आता तुहा नंबर." जुलैत त्याने कॉलेजात नाव घातलं. आमच्या घरातून त्यानंतर कोणीही बांबू तोडायला गेलं नाही.